छायालेखकाचे वाचन : गोविंद निहलानी आणि आपल्या संहिता

एम. ए.च्या वर्गाला 'साहित्यकृतीचे माध्यमांतर' शिकवणाऱ्या आपणा सर्वांच्या प्रश्नपत्रिकेत एक प्रश्न हटकून असतो : मूळ कृती आणि चित्रपट यांतील साम्यभेद स्पष्ट करा. उत्तरही ठरलेले असते. कोणती पात्रे गाळली, कोणता प्रसंग वाढवला, शेवट कसा बदलला, नाटकातले संवाद किती राखले, आणि अखेरीस 'तथापि मूळ कृतीतील आशयाची खोली चित्रपटाला गाठता आलेली नाही' हे वाक्य. या हिशेबात चित्रपट म्हणजे कथानक अधिक संवाद. पडद्यावर जे प्रत्यक्ष दिसते, ज्या उजेडात ते दिसते, त्याचा उल्लेख झालाच तर 'छायाचित्रण सुंदर आहे' एवढ्या तीन शब्दांत आटोपतो. एखाद्या कवितेवर 'अक्षर सुंदर आहे' असा अभिप्राय द्यावा, तसे हे आहे.

गंमत अशी की आपल्या भाषेने ही चूक केलेली नाही. मराठी चित्रपटांच्या श्रेयनामावलीत 'छायालेखन' हा शब्द वर्षानुवर्षे आहे. छायालेखक. त्यात लेखक आहे. दिग्दर्शकाला आपण 'चित्रपटाचा लेखक' मानायला तयार झालो, तेही फ्रेंच समीक्षकांनी सांगितल्यावर. छायालेखकाला मात्र आपण तंत्रज्ञांच्या यादीत ढकलून मोकळे झालो. हे केवळ आपलेच पाप नाही. १९६९ सालचा धरून दादासाहेब फाळके पुरस्कार दिला जाऊ लागला, आणि तो पहिल्यांदा एका छायालेखकाला मिळाला तो २००८ सालचा, व्ही. के. मूर्ती यांना. जवळजवळ चाळीस वर्षे गेली.

या मूर्तींच्या एका शिष्याविषयी मला लिहायचे आहे. गोविंद निहलानी हे नाव आपल्याला दिग्दर्शक म्हणून ठाऊक आहे. 'आक्रोश', 'अर्धसत्य', 'पार्टी', 'तमस' ही नावे आपण एका दमात घेतो. पण त्याआधी जवळजवळ दशकभर हा माणूस दुसऱ्यांच्या चित्रपटांचा कॅमेरा चालवत होता, आणि स्वतः दिग्दर्शक झाल्यावरही बराच काळ त्याने कॅमेरा दुसऱ्याच्या हाती दिला नाही. १९७१ ते १९८५ या काळातील त्याच्या कामाची यादी मराठीच्या अध्यापकाने एकदा शांतपणे वाचावी. तेंडुलकरांचे 'शांतता! कोर्ट चालू आहे'. पुन्हा तेंडुलकर, 'निशांत' आणि 'मंथन'च्या पटकथा. हंसा वाडकरांचे 'सांगत्ये ऐका'. चिं. त्र्यं. खानोलकरांची 'कोंडुरा'. तेंडुलकरांचीच 'आक्रोश'ची पटकथा. श्री. दा. पानवलकरांची 'सूर्य' ही कथा. महेश एलकुंचवारांचे 'पार्टी'. 'आघात'साठी पुन्हा तेंडुलकर. साठोत्तरी मराठी साहित्याची ही एक बरी अभ्यासपत्रिकाच झाली. या काळातले आपले इतके लेखन इतक्या बारकाईने वाचलेला दुसरा वाचक मला तरी चटकन आठवत नाही, आणि त्याची मातृभाषा मराठी नव्हती.

निहलानींचा जन्म १९४० चा, कराचीचा. फाळणीनंतर कुटुंब उदयपूरला आले. छायालेखनाचे शिक्षण बंगळुरूच्या तंत्रनिकेतनात झाले, १९६२ साली ते पूर्ण झाले, आणि मग मुंबईत मूर्तींच्या हाताखाली दीर्घ उमेदवारी. गुरुदत्तच्या 'कागज़ के फूल' (१९५९) मध्ये रिकाम्या स्टुडिओत वरून तिरपा उतरणारा तो प्रसिद्ध प्रकाशझोत मूर्तींनी आरशांनी सूर्यप्रकाश आत वळवून साधला होता. त्या शाळेत निहलानी शिकले. प्रकाश हा नटाचा चेहरा उजळण्यासाठी नसतो, त्याला स्वतःलाही काही म्हणायचे असते, हे तिथे शिकता येत होते. पण ती शाळा स्टुडिओची होती. सेट, दिव्यांची फौज, वेळ आणि पैसा. पुढे ज्या चित्रपटांत निहलानींनी नाव काढले त्यांच्याजवळ यांपैकी काहीच नव्हते.

हे चित्रपट जन्माला कसे आले, हे समजून घ्यायला मुंबईचा एक छोटा तुकडा डोळ्यांसमोर आणावा लागतो. विजया मेहता, अरविंद देशपांडे, तेंडुलकर यांची 'रंगायन'; पुढे सुलभा व अरविंद देशपांडे यांचे 'आविष्कार' आणि १९७४ पासून दादरच्या छबिलदास शाळेतला तो रंगमंच; बिलासपूरहून आलेल्या पंडित सत्यदेव दुबे यांचे 'थिएटर युनिट'; १९६८ साली सुरू झालेले 'प्रभात चित्र मंडळ' आणि त्यासारख्या फिल्म सोसायट्या; ताडदेवची फिल्म प्रयोगशाळा; दक्षिण मुंबईतले जाहिरातपटांचे जग, जिथून श्याम बेनेगल आले. लोकलची काही स्टेशने आणि एक-दोन बसमार्ग एवढ्यात हे सारे मावते. तेच नट संध्याकाळी तालमीला, तेच चित्रीकरणाला. नाटक हिंदीत दुबे करीत, मूळ मराठी असे, पुढे वसंत देव अनुवाद करीत, आणि कॅमेऱ्यामागे एक सिंधी तरुण. आपण 'मराठी आधुनिकता' असे म्हणतो तेव्हा तिच्या घडणीत बिगरमराठी माणसांचा हात किती होता, हे गिरगाव-दादरच्या अभिमानापोटी आपण थोडे विसरतो. असो.

पहिला चित्रपट 'शांतता! कोर्ट चालू आहे' (१९७१). दिग्दर्शन दुबे यांचे, छायालेखन निहलानींचे. १९६७ साली रंगमंचावर आलेले नाटक, तीच सुलभा देशपांडे यांची बेणारे, आणि अमोल पालेकरांसारखा तेव्हा नवखा असलेला चेहरा. हे नाटक छायालेखकाला अडचणीत टाकणारे आहे. सगळे एका दालनात घडते. लोक बोलतात, फार बोलतात. आणि अखेरीस बेणारेचे ते दीर्घ स्वगत येते, जे ती बोलते पण त्या दालनातल्या कोणालाच ऐकू जात नाही. रंगमंचावर हे सोपे असते : इतरांना गोठवा, उजेड बदला, प्रेक्षक संकेत समजून घेतात. कॅमेऱ्याला हा संकेत उपलब्ध नसतो. तो जिथे पाहतो तिथली भिंत भिंत असते आणि खुर्ची खुर्ची. न ऐकले जाणारे बोलणे दाखवायचे कसे? दुबे-निहलानींना हे पुरते सुटले असे मी म्हणणार नाही. चित्रपट नाटकाच्या बाजूने झुकलेला आहे. पण प्रश्न त्यांच्या हाती लागला होता, आणि नऊ वर्षांनी तोच प्रश्न उलटा होऊन परत येणार होता.

'अंकुर' (१९७४) पासून बेनेगल यांच्याबरोबरचे पर्व सुरू झाले. पैसा 'ब्लेझ' या जाहिरातपटांचे वितरण करणाऱ्या संस्थेचा, चित्रीकरण तेलंगणातल्या खऱ्या घरांत, खऱ्या शेतांत. त्या काळची रंगीत फिल्म मंद होती, तिला भरपूर उजेड लागे. म्हणूनच व्यावसायिक हिंदी चित्रपटात झोपडीच्या आतही दिवाळी असे. सुब्रत मित्र यांनी 'अपराजितो' (१९५६) साठी बनारसच्या घराचा चौक सेटवर उभारला असता पांढऱ्या कापडावरून दिवे परावर्तित करून आकाशातून झिरपणारा मऊ उजेड निर्माण केला होता. पण ते काळ्या-पांढऱ्यात. रंगीत फिल्मवर, कमी दिव्यांत, खऱ्या घरात दाराच्या उजेडाला दाराचाच उजेड राहू देणे, हे धाडस 'अंकुर'ने केले. लक्ष्मी उंबऱ्यात उभी असते तेव्हा ती निम्मी बाहेर, निम्मी आत असते. जमीनदाराच्या घरात तिची जागा कोणती, या प्रश्नावर निबंध लिहिण्यापेक्षा हे नेमके आहे. आणि अखेरीस पोराने दगड मारल्यावर पडदा लाल होतो. हा एकच क्षण असा, की जिथे रंग स्वतःहून बोलतो. बाकी सारा वेळ तो गप्प राहिला म्हणून त्याचे बोलणे ऐकू येते.

'निशांत' (१९७५) आणि 'मंथन' (१९७६) यांबद्दल पुष्कळ लिहिले गेले आहे. आपल्या विषयाच्या दृष्टीने मला 'भूमिका' (१९७७) अधिक मोलाची वाटते, कारण इथे मूळ संहिता आत्मकथन आहे, आणि आत्मकथन हा आपल्या अध्यापनाचा जिव्हाळ्याचा विषय. हंसा वाडकरांनी सांगितलेले आणि अरुण साधूंनी शब्दबद्ध केलेले 'सांगत्ये ऐका' वाचताना लक्षात राहतो तो सूर. स्वतःची कीव न करणारा, कबुलीचा आव न आणणारा. तो सूर चित्रपटात कोणी आणावा? पटकथेत बाईंचे निवेदन फारसे नाही. स्मिता पाटील यांचा वाटा मोठा आहे, हे निर्विवाद. पण छायालेखनाने त्याला एक चौकट दिली. चित्रपटात चित्रपट आहेत : स्टुडिओतला उजेड आणि घरातला उजेड हे दोन वेगळे उजेड आहेत. एकात नायिका लखलखते, दुसऱ्यात ती भिंतीच्या रंगात मिसळत जाते. त्यात काळा-पांढरा भूतकाळ आणि रंगीत वर्तमान यांची ये-जा आहे. कच्च्या फिल्मच्या टंचाईचा तो काळ होता. पण टंचाईतून आलेले वैविध्य इथे काळाच्या खुणा बनून येते. बाई स्वतःच्या आयुष्याकडे थोड्या अंतरावरून पाहत सांगत आहेत, हे जे पुस्तकात सुराने साधते, ते इथे उजेडाच्या या बदलांनी साधते. साम्यभेदाच्या कोणत्या रकान्यात हे बसवायचे?

उलट 'कोंडुरा' (१९७८) पाहावी. खानोलकरांची कोकणातली कादंबरी आंध्रात नेली, तेलुगूतही 'अनुग्रहम्' नावाने तोच चित्रपट झाला. छायालेखन देखणे आहे. तरीही माझ्या मते इथे वाचन चुकले. खानोलकरांच्या गद्यातला अंधार हा रात्रीचा अंधार नाही. तो भर दुपारीही असतो, माणसाच्या समजुतीत असतो. तो खऱ्या उजेडाच्या निष्ठेला सापडत नाही. ज्या पद्धतीने 'अंकुर' तोलला, तिनेच 'कोंडुरा' हातची गेली. चांगल्या वाचकालाही प्रत्येक लेखक लाभतो असे थोडेच आहे? पण 'कथानक बदलले म्हणून चित्रपट फसला' या वर्गातल्या उत्तरापेक्षा हे अपयश अधिक अभ्यासण्यासारखे आहे.

इथे एक रास्त आक्षेप येईल. हे चित्रपट बेनेगल यांचे. प्रतिमा कोणाची, दिग्दर्शकाची की छायालेखकाची? काटेकोर वाटणी करता येणार नाही, मान्य. पण पडताळा घ्यायला एक सोय आहे. निहलानी स्वतःच्या चित्रपटांकडे वळल्यानंतर बेनेगल यांनी 'मंडी' (१९८३) आणि 'त्रिकाल' (१९८५) हे चित्रपट अशोक मेहता यांच्याबरोबर केले. दिग्दर्शक तोच, नटसंचही बराचसा तोच. 'त्रिकाल'मधले गोव्याचे घर मेणबत्त्यांच्या उजेडात न्हालेले आहे. तो स्मरणाचा उजेड आहे, त्यात मोह आहे. निहलानींचा उजेड मोह पाडत नाही. तो साक्षीदारासारखा बाजूला उभा असतो. 'जुनून' (१९७९) साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि तिथे ऐतिहासिक वैभवाची पुष्कळ संधी होती, तरी जाळ्या-पडद्यांआडच्या बायकांची कोंडीच मनात राहते. एकाच कवितेचे दोन समीक्षक शेजारी ठेवावेत, तसे बेनेगल यांचे हे दोन छायालेखक शेजारी ठेवून वर्गात दाखवता येतात.

आणि मग 'आक्रोश' (१९८०). दिग्दर्शन आणि छायालेखन दोन्ही निहलानी, पटकथा तेंडुलकर. मला वाटते, आपल्या साहित्येतिहासात या पटकथेची जागा अजून ठरलेली नाही. संवादावर हुकमत असलेला, बोलण्यातल्या हिंसेचा आपला सर्वांत मोठा नाटककार, आणि त्याने असा नायक लिहिला जो जवळजवळ सबंध चित्रपटभर एक शब्द बोलत नाही. लहान्या भिकूवर पत्नीच्या खुनाचा आरोप आहे. त्याचा तरुण वकील भास्कर कुलकर्णी त्याला पुन्हा पुन्हा विचारतो आणि तो गप्प राहतो. बेणारे बोलते पण ऐकले जात नाही. भिकू बोलतच नाही. १९७१ चा प्रश्न उलटा होऊन आला तो असा. नाटककाराने एवढे मौन लिहावे, तर ते मौन वाचणारा कोणीतरी समोर आहे याचा भरवसा लागतो. 'शांतता'पासून ओळखीच्या असलेल्या छायालेखकावर तेंडुलकरांनी तो टाकला, असे म्हणायला मला संकोच वाटत नाही.

कारण भिकूचे मौन शेवटी कॅमेऱ्याला वाचावे लागते. ओम पुरींचा तो देवीच्या व्रणांचा खडबडीत चेहरा. व्यावसायिक प्रकाशयोजना अशा चेहऱ्यावर पहिली गोष्ट काय करील, तर व्रण पुसून टाकील. इथे उजेड बाजूने येतो आणि प्रत्येक व्रण राखतो. भिकू पाहतो, पण वकिलाकडे नाही. कॅमेरा त्याच्या नजरेचा पाठलाग करीत नाही, ती कुठे जाते ते आपल्याला सांगत नाही. एखादा कमी धीराचा माणूस त्या नजरेला लगेच भूतकाळाशी जोडून मोकळा झाला असता. चित्रपट सुरू होतो तो बायकोच्या चितेपाशी, हातात बेड्या घालून आणलेल्या भिकूवर. संपतो बापाच्या चितेपाशी, जिथे तो बहिणीला मारून त्या आयुष्यातून सोडवतो आणि मग त्याच्या घशातून आवाज फुटतो. दोन चितांच्या मध्ये दोन तासांचे मौन. कोर्ट, वकिलाची खोली, गावातल्या प्रतिष्ठितांचा पत्त्यांचा अड्डा, या सगळ्या जागी उजेड पुरेसा आहे, सगळे स्वच्छ दिसते, आणि नेमके तिथेच कोणाला काही दिसत नाही. संहितेत हे वाक्य कुठेही लिहिलेले नाही. ते छायालेखन आहे, त्या शब्दाच्या पूर्ण अर्थाने. भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात १९८१ साली या चित्रपटाला सुवर्णमयूर मिळाला. आपल्या मराठी नियतकालिकांत तेव्हाही मुख्य चर्चा झाली ती आदिवासींच्या प्रश्नाची आणि तेंडुलकरांची. प्रश्न मोठा होताच. पण तो पोहोचला कशामुळे, याचा विचार राहून गेला.

'अर्धसत्य' (१९८३) आपल्या अगदी दाराशी येतो. १८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली गिरणी कामगारांचा संप सुरू झाला होता, सुमारे अडीच लाख माणसे त्यात होती, लालबाग-परळचे भोंगे थांबले होते. चित्रपट संपावर नाही. पण ज्या शहरात पोलीस, दादा आणि राजकारणी यांचे नवे नाते तयार होत होते ते हेच शहर, आणि तो काळही हाच. पानवलकरांच्या कथेचे नाव 'सूर्य'. चित्रपटाचे नाव दिलीप चित्रे यांच्या कवितेतून आलेले, 'अर्धसत्य'. सूर्य ते अर्धसत्य. छायालेखकाच्या दृष्टीने यात सगळे आले. पानवलकरांचे गद्य आखूड, टोकदार, शेरेबाजी न करणारे. चित्रपटातला उजेडही तसाच आहे. पोलीस ठाणी, हॉटेले, बार, रामा शेट्टीचा अड्डा, या सर्व आतल्या जागा. आकाश क्वचितच दिसते. अनंत वेलणकर ज्या ज्या खोलीत शिरतो ती त्याला थोडी लहान पडते. एक तपशील मला महत्त्वाचा वाटतो : चित्रपटाच्या निर्मात्यांपैकी मनमोहन शेट्टी हे फिल्म प्रयोगशाळा चालवणारे होते. निगेटिव्ह धुताना अंधार किती गडद ठेवायचा याची जाण असलेला माणूस पैसे घालत असेल, तर छायालेखकाला 'थोडे उजळ करा' असे ऐकून घ्यावे लागत नसावे, हा माझा तर्क. स्वतंत्र चित्रपट म्हणजे कमी पैशांचा चित्रपट एवढेच आपण समजतो. त्याचा खरा अर्थ, उजेडाबद्दल कोणाला उत्तर द्यावे लागत नाही, असाही असतो.

आणि यातली ज्योत्स्ना गोखले कोण? महाविद्यालयात साहित्य शिकवणारी अध्यापिका. आपल्यातलीच. ती कवितेचे पुस्तक वेलणकरपुढे ठेवते आणि हॉटेलात बसून तो सब-इन्स्पेक्टर कविता वाचू लागतो. सुरुवातीला सहज, थट्टेच्या सुरात, मग शब्द त्याच्या अंगावर येतात. भारतीय चित्रपटात कविता वाचण्याचा याहून चांगला प्रसंग मी पाहिलेला नाही. तिथे पार्श्वसंगीताचा आधार घेऊन कविता सजवलेली नाही, स्वप्नदृश्य नाही. एक माणूस छापील ओळी वाचतो आहे आणि त्याचा चेहरा बदलतो आहे, एवढेच. कॅमेरा त्या चेहऱ्यावर स्थिर राहतो. आपण वर्गात आयुष्यभर ज्याची वाट पाहतो तो क्षण, म्हणजे वाचणाऱ्याला ओळ लागण्याचा, इथे उजेडात पकडला आहे. यावर प्रश्नपत्रिकेत प्रश्न कधी आला?

'पार्टी' (१९८४) बद्दल आपण मंडळी अवघडून बोलतो, कारण त्यात आपणच आहोत. पुरस्कार मिळालेला लेखक दिवाकर बर्वे, त्याच्या सन्मानार्थ दमयंती राणे यांच्या घरी एका रात्रीची मेजवानी, कवी, नाटककार, समीक्षक, चळवळीची भाषा बोलणारे आणि न बोलणारे. दमयंतीच्या भूमिकेत विजया मेहता आहेत, ज्यांनी 'रंगायन'मधून ही पिढी घडवायला हात लावला, हा योगायोग बोचरा आहे. एलकुंचवारांच्या नाटकात अमृत हा कवी प्रत्यक्ष येत नाही. तो आदिवासींमध्ये काम करायला निघून गेला आहे आणि सगळे त्याच्याविषयी बोलतात. 'शांतता'सारखीच बंद जागा. पण आता छायालेखक तेरा वर्षांनी मोठा झालेला आहे. कॅमेरा एका घोळक्यातून दुसऱ्याकडे सरकतो, बोलणे अर्धे सोडून निघतो, जसे आपण अशा समारंभांत निघतो. दिवाणखाना झगझगीत आहे, कोणालाही लपायला कोपरा नाही, आणि तरी सगळे लपलेले आहेत. अखेरीस रक्तबंबाळ अमृत दिसतो. नाटकाशी हा द्रोह आहे, असे काही समीक्षकांना वाटू शकेल. अनुपस्थितीतच अमृतचे बळ होते. मलाही तो शेवट थोडा मोठ्याने उच्चारलेला वाटतो. पण त्याआधीचे दोन तास या माणसाने ज्या संयमाने अमृतची जागा रिकामी ठेवली आहे, ते पाहिल्यावर शेवटच्या घटकेला त्याला दाखवण्याचा हक्क त्याने कमावला आहे, असेही म्हणता येईल. विद्यार्थ्यांनी यावर भांडावे.

'आघात' (१९८५) मध्ये कारखान्यातील दोन कामगार संघटनांचा संघर्ष आहे. विषय आपल्या गिरणगावाला भिडणारा, पण चित्रपट बोलण्यात अडकतो आणि उजेड त्याच्या मागे मागे चालतो. पुढे 'तमस' (१९८८) साठी निहलानींनी आपल्या गुरूला, मूर्तींना, कॅमेऱ्यापाशी बोलावले. दूरदर्शनच्या मालिकेसाठी 'कागज़ के फूल'चा छायालेखक, शिष्याच्या दिग्दर्शनाखाली. त्यानंतर लॉर्का, इब्सेन, महाश्वेतादेवी असे वाचन चालू राहिले, मराठी संहिता मात्र मागे पडल्या. २०१७ साली 'ति आणि इतर' हा मराठी चित्रपट त्यांनी केला, मंजुळा पद्मनाभन यांच्या 'लाइट्स आउट' या नाटकावरून : खिडकीबाहेर एका बाईवर अत्याचार होत असतो आणि आतली सुशिक्षित माणसे त्यावर चर्चा करतात. विषयाची निवड पाहता हा 'शांतता' आणि 'पार्टी' यांचाच तिसरा भाऊ. चित्रपट त्या दोघांच्या तोलाचा नाही, चर्चा चर्चाच राहते.

राहता राहिली एक व्यवहाराची गोष्ट, पण तिच्यावाचून वरचे सगळे व्यर्थ आहे. आपण वर्गात हे चित्रपट दाखवतो ते कोणत्या प्रतींवरून? दूरचित्रवाणीवरून उतरवलेल्या, रंग उडालेल्या, कडा कापलेल्या. त्यांत अंधार राखाडी झालेला असतो आणि उजेड पिवळट. अशी प्रत पाहून छायालेखनाबद्दल काही म्हणणे म्हणजे निम्मी पाने फाटलेल्या आवृत्तीवरून कादंबरीची समीक्षा करणे. पाठचिकित्सा आपण ज्ञानेश्वरीसाठी शिकवतो. चित्रपटाच्या प्रतीलाही ती लागते. पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये घालून उभा केलेला 'मंथन' फिल्म हेरिटेज फाउंडेशनने मूळ निगेटिव्हवरून पुनरुज्जीवित केला, त्या कामात निहलानींचा सहभाग होता. २०२४ च्या मे महिन्यात तो कान महोत्सवात दाखवला गेला आणि जूनमध्ये आपल्याकडच्या चित्रपटगृहांतही लागला. 'आक्रोश' आणि 'पार्टी' अशाच काळजीने धुतलेल्या प्रतींत वर्गापर्यंत यावेत, यासाठी मराठी विभागांनी चार पत्रे लिहायला हरकत नाही. तोवर मिळेल ती सर्वांत बरी प्रत घ्यावी, खिडक्यांना काळा कागद लावावा, आणि 'अर्धसत्य'मधला तो कवितेचा प्रसंग आधी आवाज बंद करून दाखवावा. मग आवाजासह. मग चित्रे यांची कविता हातात द्यावी.